व्यक्तिमत्त्वाचे गुण

मला बढती मिळाली त्या दिवसापासून माझ्या शेजारच्या गृहस्थांनी माझ्याशी बोलणं टाकलं. त्यात त्यांचं फार चुकलं असं मला म्हणता येणार नाही. ती बढती आपली होती असं त्यांना वाटत होतं, आणि कारखान्यातल्या निम्म्या लोकांनाही तसंच वाटत होतं. मलाही मधूनमधून तसं वाटे, पण हुकूम हातात पडल्यावर असलं कुणी बोलून दाखवत नाही.

गोष्ट एकोणीसशे सत्तरनंतरच्या वर्षांतली. कारखाना बिस्किटांचा होता. मालक सांगलीचे, कारखाना साताऱ्याच्या वेशीबाहेर, आणि आम्ही कामगार आजूबाजूच्या तालुक्यांतले. भट्टी खात्यात काम करणाऱ्याच्या अंगात व्हॅनिलाचा आणि करपलेल्या साखरेचा वास असा मुरायचा की आंघोळीनेही जात नसे. एसटीत चढलो की कंडक्टर तोंडाकडे न बघता विचारायचा, "बिस्कीट का?" आणि आमच्या थांब्याचं तिकीट फाडून हातात ठेवायचा.

मी मूळचा वाईचा. बी.एस्सी. होऊन काही काळ घरी बसलो आणि मग कुणाच्या तरी ओळखीने या भट्टीवर लागलो. हे शेजारचे गृहस्थ माझ्यापेक्षा वयाने बरेच मोठे, कोरेगाव तालुक्यातल्या एका खेड्यातले, पलटणीतून हवालदार होऊन पेन्शनीवर आलेले. पलटणीत ते लंगरवर होते, म्हणजे साऱ्या कंपनीच्या रोट्या त्यांच्या हाताखालून जायच्या. कारखान्यात त्यांना सगळे हवालदारच म्हणत. उंच, मिशा जाड, आणि आवाज असा की भट्टीच्या पंख्यांच्या घरघरीतूनही पार पॅकिंगपर्यंत जाई. बिस्किटांतलं त्यांना माझ्याइतपतच कळत होतं. करपायला लागली की आच कमी करायची, कच्ची राहिली की वाढवायची. याच्या पलीकडे आम्हा दोघांनाही फारसं काही येत नव्हतं, आणि त्या भट्टीला त्याहून जास्त काही लागतही नव्हतं.

भट्टीचे जुने सुपरवायझर मुलाकडे राहायला निघून गेले आणि जागा रिकामी झाली. मग कंपनीने निवड समिती नेमली. अनुभव, काम, शिक्षण आणि व्यक्तिमत्त्व अशा चार गोष्टींना गुण. अनुभवात हवालदार माझ्या कितीतरी पुढे. कामात दोघे सारखे. शिक्षणात मी पुढे. तिथवर बेरीज सारखी आली. शेवटी व्यक्तिमत्त्वात मला जास्त गुण पडले आणि मी सुपरवायझर झालो. खिशावर कंपनीचं चिन्ह भरलेला पांढरा कोट मला मिळाला. तो घालून मी घरी आलो तेव्हा बायकोने मला दारातच उभं करून मागून-पुढून बघितलं आणि म्हणाली, "कंपाउंडर दिसताय."

आमच्या आणि हवालदारांच्या खोल्यांमध्ये एकच भिंत होती. पलीकडे ते खोकले तरी आम्हाला कळायचं. तरी ते माझ्याशी बोलेनात. नळावर समोरासमोर आलो की ते बादली ठेवून आकाशाकडे बघत. त्यांच्या मंडळींनी, म्हणजे वहिनींनी, मात्र यात पडायचं नाही असं पहिल्याच दिवशी ठरवलं. माझी बायको सांगलीची, शहरात वाढलेली, तिला बाजरीची भाकरी काही केल्या थापता येत नसे. म्हणून रोज संध्याकाळी पलीकडून भाकरी यायची आणि इकडून आमटी जायची. मी संकोचून एकदा म्हटलं, "वहिनी, आता कशाला?" त्या म्हणाल्या, "भांडान बाप्यांचं हाय भावजी. भाकरीचं न्हाई."

युनियनचे सेक्रेटरी पॅकिंग खात्यातले होते. सडपातळ, खांद्याला कातडी पिशवी, आणि कायद्याचे शब्द उच्चारताना त्यांचा चेहरा उजळत असे. ते कित्येक दिवस एका चांगल्या खटल्याच्या शोधात होते आणि तो त्यांना सापडला. गेटसभेत ते म्हणाले, "हा प्रश्न एका माणसाच्या बढतीचा नाही. हा ज्येष्ठतेच्या तत्त्वाचा प्रश्न आहे."

हवालदार पुढच्या रांगेतून म्हणाले, "तत्त्वाचं तुमी बघा. कोट मला पायजे."

सरकारी कामगार अधिकाऱ्यांनी दोन्ही बाजूंना बसवून समेट करायचा प्रयत्न केला. तो फसला आणि सरकारने आमचा वाद औद्योगिक न्यायाधिकरणाकडे पाठवला. आमच्या भागासाठी न्यायाधिकरणाची बैठक सांगलीत भरे. म्हणजे तारीख पडली की साताऱ्याहून सांगलीला जायचं. ही गोष्ट कळल्यावर आमच्या घरात आनंद झाला, कारण बायकोचं माहेर सांगलीतच, विश्रामबागेत होतं.

पहिल्या तारखेला पहाटेच्या गाडीला मी चढलो तर गाडी भरलेली, आणि रिकामी अशी एकच जागा, हवालदारांच्या शेजारी. मी उभा राहिलो. कंडक्टर म्हणाला, "बिस्कीट, जागा दिसत न्हाई का?" मी बसलो. हवालदारांनी पाय आवरून घेतले आणि खिडकीबाहेर बघायला लागले. कऱ्हाडपर्यंत आम्ही एक शब्द बोललो नाही. कऱ्हाडला गाडी थांबली तेव्हा ते उतरले, गरम भजी घेऊन आले, आणि पुडी आमच्या दोघांच्या मधोमध ठेवली. खिडकीबाहेरच बघत म्हणाले, "गार झाल्यावर तेल लागतंय त्यांना."

मी भजं घेतलं. पेठनाक्यापर्यंत पुडी संपली. इस्लामपुरात आम्ही बोलायला लागलो होतो. खटल्याचा विषय तेवढा दोघांनीही टाळला.

न्यायाधिकरण एका जुन्या इमारतीच्या माडीवर भरायचं आणि खाली हळदीच्या अडत्याचं गोदाम होतं. पोती हलवली की पिवळा धुरळा जिन्याने वर चढायचा. न्यायाधीश वयस्कर, सभ्य गृहस्थ होते, पण त्यांना हळदीचं वावडं होतं. साक्ष ऐन रंगात आली की त्यांना शिंक यायची, आणि शिंक येऊन जाईपर्यंत दोन्ही वकील हात जोडल्यासारखे थांबून राहायचे. संध्याकाळी परतीच्या गाडीआधी आम्ही सासुरवाडीला डोकावायचो तेव्हा सगळ्यांचे कपडे पिवळसर. सासूबाई म्हणायच्या, "कोर्टात गेला होता की लग्नात?"

त्या पहिल्या तारखेला दुपारच्या सुट्टीत आम्ही दोघे व्हरांड्यात बसून वहिनींनी दिलेली भाकरी आणि माझ्या बायकोने दिलेली वांग्याची भाजी खात होतो. सेक्रेटरींनी ते बघितलं आणि ते कावरेबावरे झाले.

"अहो, तुम्ही एका डब्यात जेवताय?"

"मग? दोन डबे कोन आननार?" हवालदार म्हणाले.

"न्यायाधीशसाहेबांनी बघितलं तर म्हणतील, यांच्यात वाद कुठे आहे?"

"वाद हाय की. जेवनाचा न्हाई एवढंच."

कंपनीच्या वकिलांचंही नेमकं तेच मत पडलं. दोन्ही बाजूंचं एकमत झालेली खटल्यातली ती पहिली गोष्ट. पुढच्या तारखेपासून आम्ही सरळ सासुरवाडीला जेवायला जाऊ लागलो. माझे सासरे पाटबंधारे खात्यातून निवृत्त झालेले, वेळ भरपूर, कोर्टकचेरीचा शौक. ते आधी माझी बाजू ऐकायचे आणि मग हवालदारांची. ऐकून झालं की दर वेळी म्हणायचे, "यांचं म्हणणं जास्त पटतं." सासूबाई हवालदारांना आग्रहाने वाढायच्या, कारण ते मागून घेत आणि मी लाजत असे. बायकोही तारखेला माझ्याबरोबर यायची आणि परत निघताना मला हळूच विचारायची, "पुढची तारीख कधी?"

मग मॅनेजरसाहेबांच्या साक्षीचा दिवस आला. युनियनचे वकील बुटके, अगदी मऊ आवाजाचे होते. त्यांनी अनुभव, काम, शिक्षण अशी एकेक गोष्ट कबूल करून घेतली आणि म्हणाले, "म्हणजे निकाल लागला तो व्यक्तिमत्त्वावर. त्यात यांना जास्त गुण दिले ते कशावरून?"

साहेबांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. "एकंदरीत."

"एकंदरीत म्हणजे काय बघितलंत?"

"बोलणं, वागणं. मुलाखतीत आम्ही दोघांनाही चहा विचारला. यांनी नको म्हटलं."

"आणि हवालदारांनी?"

"घेतला." साहेब जरा थांबले. "बशीत ओतून."

न्यायाधीश लेखनिकाला म्हणाले, "घ्या. बशीत ओतून." आणि शिंकले.

"चहा तुम्हीच विचारलात ना?"

"हो."

"मग तो घेणं हा दोष कसा?"

"दोष नाही. पण न घेणं हा गुण आहे."

"आणखी काही गुण?"

"हे भांडखोर नाहीत."

"पण आज ते इथे तुमच्या बाजूने भांडताहेत."

"ते आम्ही सांगितलं म्हणून."

मागच्या बाकावर सासरे बसले होते. त्यांच्या घशातून एक आवाज आला आणि त्यांनी तो खोकल्यात दडवला.

त्यानंतर माझी पाळी. मी शपथ घेतली. वाईत, देवळांच्या गावात वाढल्यामुळे असेल, शपथ घेतल्यावर खोटं बोलायचं म्हटलं की माझी जीभ जड व्हायची. युनियनच्या वकिलांनी मला फक्त चहाबद्दल विचारलं.

"मुलाखतीत तुम्ही चहा का नाकारलात?"

कंपनीच्या वकिलांनी या प्रश्नाची तयारी करून घेतली नव्हती. मला एवढंच सुचलं की खरं काय ते सांगावं.

"पित्त झालं होतं."

"म्हणजे एरवी घेतला असता?"

"घेतला असता."

"बशीत?"

"गरम असता तर बशीत."

कंपनीच्या वकिलांनी डोळे मिटले. मॅनेजरसाहेब खिडकीतून खाली हळदीची पोती मोजत असावेत. न्यायाधीशांनी माझ्याकडे बराच वेळ बघितलं, पण त्या नजरेत राग नव्हता. परतीच्या गाडीत हवालदार म्हणाले, "पित्ताला आमसुलाचं पानी घेत जा, गड्या. आनि रिकाम्या पोटी भट्टीवर येऊ नगंस." खटला त्यांच्या बाजूला झुकला होता हे त्यांना कळत होतं. पण त्यांनी बोलणं आमसुलावरच ठेवलं, आणि मला ते बरं वाटलं.

निवाडा लागला. न्यायाधिकरणाने म्हटलं, व्यक्तिमत्त्वाचे गुण मनमानीने दिले, त्यांना कसलाही आधार नाही, आणि पित्त हा काही बढतीचा निकष होऊ शकत नाही. माझी निवड रद्द. इथवर ठीक होतं. पण पुढे न्यायाधिकरणाने असंही म्हटलं की हवालदारांनाच सुपरवायझर नेमा.

मी वरवर हसत होतो, पण मला ते लागलं. कोट धुऊन, इस्त्री करून परत द्यायचा होता. बायकोने इस्त्री केली आणि कॉलर पुन्हापुन्हा दाबत बसली. मी म्हटलं, "पुरे आता, जळेल." ती म्हणाली, "जळू दे. त्यांच्या अंगात बसणारच नाही तो." दुसऱ्या दिवशी मी साध्या खाकी कपड्यांत भट्टीवर उभा राहिलो तेव्हा सगळे माझ्याशी जरा जास्तच गोड बोलत होते. ते मला सहन होत नव्हतं. हवालदारांनी तेवढं नेहमीच्याच आवाजात खेकसून सांगितलं, "ट्रे सरळ लाव."

कोट खरंच बसला नाही. वहिनींनी बाह्या उसवून बघितल्या, पण आत कापड नव्हतं. नवा शिवायला टाकला, आणि तो शिवून यायच्या आत कंपनीने मुंबईला उच्च न्यायालयात रिट अर्ज केला. न्यायालयाने हुकूम दिला की निकालापर्यंत परिस्थिती जैसे थे ठेवावी.

आता जैसे थे म्हणजे काय, यावर कारखान्यात मोठी चर्चा झाली. कंपनी म्हणाली, जैसे थे म्हणजे निवाड्याआधी होतं तसं, सुपरवायझर मी. युनियन म्हणाली, मुंबईचा हुकूम आला त्या दिवशी होतं तसं. त्या दिवशी मी पदावरून उतरलो होतो आणि हवालदार चढले नव्हते. बरीच पत्रापत्री झाल्यावर दोन्ही वकिलांनी हे दुसरं मान्य केलं. म्हणजे निकाल लागेपर्यंत भट्टीला सुपरवायझरच नाही.

आणि बिस्किटं पहिल्यासारखीच होत राहिली. महिन्यामागून महिने गेले. करपली की आम्ही आच कमी करत होतो, कच्ची राहिली की वाढवत होतो. कोटवाला माणूस कुठेही नव्हता आणि कुणाचंही काही अडत नव्हतं. हे लक्षात आल्यावर दोन्ही बाजू घाबरल्या. ही गोष्ट मालकांच्या ध्यानात आली तर ते जागाच रद्द करतील, मग भांडायचं कशासाठी? सेक्रेटरी एकदा भट्टीपाशी घुटमळले आणि हवालदारांच्या कानाशी म्हणाले, "अधूनमधून थोडं करपू द्या. म्हणजे सुपरवायझर नसल्याची झळ वरपर्यंत पोचेल."

हवालदारांनी त्यांना खालून वर न्याहाळलं. "बिस्कीट करपवायला मी काय नवी नवरी हाय व्हय?"

उच्च न्यायालयात आम्ही हजर राहायची काही गरज नव्हती. पण इतकी वर्षं ज्याच्यासाठी चपला झिजवल्या त्याचा शेवट बघायचाच असं हवालदारांनी ठरवलं, आणि इंग्रजी कळणारं माणूस बरोबर पाहिजे म्हणून मला घेतलं. मी प्रतिवादी होतो, त्यांच्या विरुद्ध होतो, हे मी आठवण करून दिलं. ते म्हणाले, "इरुद्ध असंना. विंग्रजी तर येतंय."

मुंबईत त्यांच्या मंडळींचे एक भाऊ होते, विट्याकडचे. सोनं गाळायचं छोटंसं दुकान होतं त्यांचं. आम्ही त्या दुकानाच्या पोटमाळ्यावर उतरलो. खाली भट्टी, वर आम्ही. हवालदार आल्या आल्या खाली जाऊन त्यांच्या भट्टीसमोर उकिडवे बसले आणि आच कशी राखता, कोळसा कुठला, असं विचारायला लागले. त्या मेहुण्यांनीही हौसेने सगळं दाखवलं. तेजाबाच्या वासाने माझं डोकं उठलं होतं. पण दोन भट्टीवाले असे काही रंगले की मला एकट्यालाच जेवावं लागलं. झोपताना हवालदार म्हणाले, "सोन्याचं बरं हाय. करपत न्हाई."

न्यायालयाची इमारत बघून हवालदारांनी आपोआप पाठ ताठ केली. दालनात आम्ही अगदी मागे उभे राहिलो. आमचा नंबर आला तेव्हा न्यायमूर्ती न्यायाधिकरणाचा निवाडा वाचत होते. वाचता वाचता एका ठिकाणी थांबले आणि त्यांच्या ओठांच्या कडा हलल्या. ते पित्तापाशी आले होते हे मी ओळखलं. मग इंग्रजीत बोलणं सुरू झालं. हवालदारांनी मला कोपराने ढोसलं.

"काय म्हनत्यात?"

"म्हणतात, तुमच्यात चांगला कोण हे आम्ही बघणार नाही."

"मग काय बघत्यात?"

"न्यायाधिकरणाने नीट बघितलं का, आपली हद्द सोडून काही केलं का, ते बघतात."

"आनि न्यायाधिकरनानं काय बघायचं हुतं?"

"कंपनीने निवड नीट केली का, ते."

हवालदारांनी ते सगळं मनात एकावर एक रचून बघितलं. "म्हंजे साताऱ्यातनं हितवर आलो, आनि आपल्याकडं बघनारा कुनीच न्हाई."

शिपायाने आमच्याकडे बघून बोट ओठांवर ठेवलं. हवालदारांनी त्याला सवयीने सॅल्यूट ठोकला.

निकाल आम्हाला वाटलं होतं त्यापेक्षा लवकर सांगून झाला. न्यायमूर्तींचं म्हणणं असं पडलं की कंपनीने व्यक्तिमत्त्वाचे गुण आधाराशिवाय दिले हा न्यायाधिकरणाचा निष्कर्ष बरोबर आहे, त्यात आम्ही हात घालणार नाही. पण कुणाला बढती द्यायची हे ठरवणं कंपनीचं काम आहे. निवड चुकीची असेल तर न्यायाधिकरणाने ती रद्द करावी आणि पुन्हा करायला सांगावं, स्वतः निवड करू नये. म्हणून हवालदारांना नेमा हा भाग रद्द. कंपनीने निकष आधी जाहीर करून दोघांचा नव्याने विचार करावा.

बाहेर आल्यावर कंपनीचे वकील मॅनेजरसाहेबांचा हात हातात घेऊन म्हणाले, "जिंकलो." चार पावलांवर युनियनचे वकील सेक्रेटरींना म्हणाले, "जिंकलो." हवालदार एकदा इकडे बघत होते, एकदा तिकडे. मग मला म्हणाले, "आपल्या दोगांत हरला कोन त्ये तरी इचार." मला ते विचारायचं धाडस झालं नाही. साताऱ्याला परतलो तर गेटवर युनियनने पेढे वाटले, आणि त्याच संध्याकाळी कंपनीने प्रत्येकाला बिस्किटांचा पुडा दिला. आमच्या दोन्ही घरांत दोन्ही खाल्लं.

नवे निकष फलकावर लागले. त्यात व्यक्तिमत्त्व नव्हतं. अनुभवाचं वजन वाढलं होतं. सांगलीहून एका कॉलेजचे प्राध्यापक बाहेरचे सदस्य म्हणून आले, आणि कोणत्याही उमेदवाराला चहा विचारायचा नाही असं समितीने आधीच ठरवलं होतं. हवालदार निवडले गेले. या वेळी मला वाईट वाटलं ते वेगळ्या तऱ्हेने. मनातून मला माहीत होतं की हे असंच व्हायला हवं होतं, पण तरी मी फलकासमोर जरा जास्त वेळ उभा राहिलो. घरी आलो आणि बायकोला सांगितलं. ती म्हणाली, "म्हणजे आता तारखा बंद?" तिचं दुःख माझ्यापेक्षा खरं होतं.

हवालदारांनी नवा कोट घातला. तो त्यांच्या मापाचा होता आणि त्यांना शोभतही होता. पहिल्या दिवशी त्यांनी आम्हा सगळ्यांना भट्टीसमोर रांगेत उभं करून नखं तपासली. दुसऱ्या दिवशी सेक्रेटरी आले, त्यांचं अभिनंदन केलं, आणि अवघडत म्हणाले, "एक सांगायचं राहिलं. सुपरवायझर कायद्याने कामगार नसतो. तेव्हा तुम्हाला युनियनचं सभासद राहता येणार नाही."

"माझ्यासाठी तर भांडला न्हवं?"

"तुमच्यासाठी नाही. तत्त्वासाठी."

मी तिथेच होतो. हवालदारांचा चेहरा मी इतक्या वर्षांत तसा बघितला नव्हता. ते भट्टीचं झाकण उघडून आत बघत राहिले, आत बघण्यासारखं काही नसताना.

चहाच्या सुट्टीत आमचा बाक ठरलेला असायचा. हवालदार यायला लागले की आता बोलणं थांबायचं, आणि ते बसले की माणसं कपात बघायची. एक-दोनदा बसून त्यांनी ते सोडलं. साहेब लोकांच्या खोलीत चहा होता, पण तिथे भट्टीच्या सुपरवायझरला बसायची पद्धत नव्हती. मग ते दोन्हीच्या मधल्या दारात उभ्याने चहा घेऊ लागले, बशीत ओतून. काही दिवस मी बघितलं. मग माझा कप उचलून त्यांच्याशेजारी जाऊन उभा राहिलो. बाकावरचे लोक मला दलाल म्हणाले. ते दोनचार दिवस चाललं आणि मग त्यांना कंटाळा आला.

"गड्या," हवालदार एकदा तसे उभे असताना म्हणाले, "सांगलीला जायाचो त्ये बरं हुतं. तुझ्या सासूच्या हातची वांगी काय हुती."

एक दिवस त्यांनी माझी रजा नाकारली. मेव्हणीच्या साखरपुड्याला मुलाच्या गावी, महाबळेश्वराकडे जायचं होतं, आणि भट्टीवर पावसाळ्यापूर्वीची गर्दी, ऑर्डर मोठी. मी सुट्टी मागितली आणि ते सरळ नाही म्हणाले. मी चिडलो, युनियनकडे जातो म्हणालो. ते म्हणाले, "जा की. मी बी गेलतो." त्या संध्याकाळी पलीकडून भाकरी येणार नाही असं मला वाटलं, पण भाकरी आली, आणि तिच्याबरोबर वहिनी स्वतः आल्या. त्या माझ्या बायकोला म्हणाल्या, "जावा तुमी. भावजींच्या जागी आज रातपाळीला हे सोता उभं ऱ्हानार हाईत. तसं त्यास्नी सांगायचं न्हाई म्हन्लेत." आम्ही गेलो. येताना मी हवालदारांसाठी तिथल्या स्ट्रॉबेरीच्या जॅमची बाटली आणली होती, आणि ती त्यांनी कपाळाला आठ्या घालून चव घेत चमच्याने नुसतीच संपवली.

दोनेक वर्षांनी त्यांचं वय झालं आणि ते निवृत्त झाले. निरोपाच्या समारंभाला युनियनवाले एका बाजूला बसले, साहेब एका बाजूला. दोन्हीकडून हार आले. खोली रिकामी करताना वहिनींनी माझ्या बायकोला परात दिली आणि दोन दिवस बसवून भाकरी शिकवली. ती तिला कधीच जमली नाही.

पुढच्याच आठवड्यात मॅनेजरसाहेबांनी मला बोलावून एक कागद दिला. भट्टी सुपरवायझर म्हणून माझी नेमणूक झाली होती. आता मीच सगळ्यांत जुना होतो, शिक्षणातही पुढे होतो, दुसरा कुणी उमेदवारच नव्हता. समिती बसली नाही, मुलाखत झाली नाही. मी विचारलं, "एवढंच?" साहेब म्हणाले, "एवढंच. का?"

रविवारी मी हवालदारांच्या गावी गेलो. ते मळ्यात होते, उसाला पाणी देत. डोक्याला पागोटं, पायात काही नाही. मला बघून त्यांनी खोरं खाली ठेवलं.

"सुपरवायझर झालो," मी म्हटलं.

"कवा?"

"परवा."

"हरकत कुनी घेतली?"

"कुणी नाही."

"वकील?"

"लागलाच नाही. हातात कागद दिला, संपलं."

ते माझ्याकडे बघत राहिले. त्यांच्या नजरेत मला माझ्याबद्दलची खरीखुरी हळहळ दिसली. "न्हाई रं," ते म्हणाले, "असं मिळाल्यालं अंगाला लागत न्हाई."

मग त्यांनी मला बांधावर बसवलं. वरच्या अंगाच्या शेतकऱ्याने पाण्याची पाळी चुकवली होती आणि पाणी वाटणाऱ्या सोसायटीकडे त्यांनी तक्रार केली होती. सोसायटीने निकाल त्यांच्या विरुद्ध दिला होता. त्याच्या वर कोणाकडे जाता येतं आणि त्याच्याही वर कोण असतं, हे त्यांना समजून घ्यायचं होतं. मी सांगत होतो. ते मध्ये मध्ये थांबवून विचारत होते की त्यातलं नेमकं कोण शेतावर येऊन पाणी बघेल. वहिनी भाकरी घेऊन आल्या तरी आमचं ते चाललंच होतं.